पितरांना गाडीचं वावडं नाही

भाद्रपदाचा वद्य पंधरवडा लागला की दुचाकीच्या शोरूममधली गर्दी ओसरते. विक्रेता सवलत देऊ करतो, तरी गिऱ्हाईक म्हणतं, "घट बसू द्या, मग बघू." काही जण मधली वाट काढतात: सवलत मिळते म्हणून बुकिंग पितृपक्षात आणि गाडी घरी दसऱ्याला. पैसे भरलेले पितरांना चालतात, चावी घेतलेली चालत नाही, हे ठरवलं कुणी?

दसऱ्याला मग सगळ्यांनाच गाडी हवी असते. हँडलला झेंडूचा हार, हेडलाइटवर कुंकवाचं स्वस्तिक, चाकाखाली लिंबू. फटकन लिंबू चिरडलं, पेढे वाटले, फोटो काढला की पुढचा नंबर. ब्रेक कसा दाबायचा, पहिलं सर्व्हिसिंग कधी, विम्यात काय बसतं, हे सांगायला शोरूममधल्या पोराला सवड कुठली! जीव असतो ब्रेकच्या भरवशावर आणि आपण निश्चिंत होतो लिंबावर.

बरं, तिथीचंच म्हणाल तर अमावास्येला आपण नवं काम काढत नाही, पण लक्ष्मीपूजन करतो ते आश्विन अमावास्येलाच. व्यापारी त्याच संध्याकाळी वह्यांची पूजा करतात. म्हणजे सोयीचं असलं की अमावास्याही चालते.

थांबण्याला कारण असेल तर जरूर थांबावं. 2025 साली घटस्थापनेच्या दिवशी, 22 सप्टेंबरला, जीएसटीचे नवे दर लागू झाले. 350 सीसीपर्यंतच्या दुचाकींवरचा कर 28 टक्क्यांवरून 18 वर आला. त्या पितृपक्षात जे थांबले, त्यांचे पैसे वाचले. तो रोकडा हिशेब होता.

मला लागतं ते वेगळंच. अळूची भाजी, आमसुलाची चटणी, वडे, खीर असं पान वाढून ज्यांच्यासाठी आपण कावळ्याची वाट बघतो, ते आपलेच आजी-आजोबा. त्यांनी पोटाला चिमटा घेऊन आपल्या वडिलांना शिकवलं. नातवाच्या दारात गाडी आली तर त्यांना आनंदच होईल. त्यांच्या आठवणीचा पंधरवडा अशुभ म्हणणं हा त्यांचा अपमान आहे.

तेव्हा यंदा गाडी घ्यायची असेल तर पितृपक्षातच घ्या. शोरूम मोकळं असतं, विक्रेत्याला बोलायला वेळ असतो. चक्कर मारून बघा, ब्रेक दाबून बघा, विम्याचा कागद नीट वाचून घ्या. आणि हेल्मेट त्याच दिवशी घ्या.