कॅडिलॅक पर्वत : अटी लागू

अमेरिकेच्या ईशान्य कोपऱ्यात मेन हे राज्य आहे. त्याच्या किनाऱ्याला लागून माउंट डेझर्ट नावाचे सुमारे २८० चौरस किलोमीटरचे बेट आहे आणि त्या बेटावर कॅडिलॅक पर्वत आहे. उंची ४६६ मीटर. अमेरिकेच्या अटलांटिक किनाऱ्यावरचा सर्वांत उंच पर्वत म्हणून त्याची ख्याती आहे. बाकीचा किनारा बहुतेक सपाट असल्याने हा मान वासरात लंगडी गाय शहाणी या न्यायाने मिळालेला आहे. बेटावर जायला होडीही लागत नाही. मुख्य भूमीवरून छोटा पूल ओलांडला की मोटार थेट बेटावर.

पर्वत गुलाबी ग्रॅनाइटचा आहे. सुमारे ४२ कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या पोटात शिलारस थिजून तो तयार झाला. हिमयुगात त्याच्यावरून दीड किलोमीटरहून जाड बर्फ दक्षिणेकडे सरकत गेला. त्याने उत्तरेचे उतार घासून सौम्य केले, दक्षिणेचे खडक उपटून कडे केले आणि वितळताना लांबून आणलेले धोंडे वाटेतच टाकून दिले. शेजारच्या साउथ बबल टेकडीच्या अगदी काठावर असाच एक अजस्र धोंडा बसला आहे. आता पडेल, मग पडेल, असे त्याच्याकडे पाहून वाटते. त्यामुळे प्रत्येक टोळक्यातला एक जण पाय रोवून, दात-ओठ खात तो ढकलतो आणि दुसरा फोटो काढतो. धोंडा ढिम्म.

बेटाचे मूळ रहिवासी वाबानाकी लोक त्याला पेमेटिक, म्हणजे डोंगररांग, म्हणत. हे नाव सरळ होते, म्हणून टिकले नाही. सप्टेंबर १६०४ मध्ये फ्रेंच दर्यावर्दी सॅम्युएल द शाम्प्लँ इथे आला आणि त्याची नौका खडकावर आपटली. समुद्रातून त्याला डोंगरांचे बोडके माथे दिसले आणि त्याने ‘उजाड डोंगरांचे बेट’ असे नाव ठेवले. खाली पाइन, फर आणि बर्च यांची झाडी होती. तिची नोंद त्यानेच केली आहे, पण तोवर बारसे उरकले होते. पुढे पर्वताला ग्रीन माउंटन म्हणू लागले. एकच जागा बेटाच्या नावात उजाड आणि डोंगराच्या नावात हिरवी झाली.

१९१८ मध्ये पुन्हा नामकरणाची लाट आली. पायथ्याच्या ईडन गावाचे बार हार्बर झाले आणि ग्रीन माउंटनचा कॅडिलॅक झाला. हा कॅडिलॅक म्हणजे १६५८ साली फ्रान्समध्ये जन्मलेला आंत्वान लोमे. अमेरिकेत ओळखीचे कोणी नाही हे पाहून त्याने ‘द ला मोथ कॅडिलॅक’ असे सरदारी आडनाव स्वतःच लावून घेतले आणि कुलचिन्हही रचले. १६८८ मध्ये हे बेट त्याला इनाम मिळाले, पण तो इथे फारसा रमला नाही. १७०१ मध्ये त्याने डेट्रॉइट वसवले, पुढे लुइझियानाचा गव्हर्नर झाला आणि फ्रान्सला परतल्यावर बास्तीयच्या तुरुंगाचीही हवा खाऊन आला. १९०२ साली डेट्रॉइटमध्ये निघालेल्या मोटार कंपनीने त्याचे नाव आणि ते घरगुती कुलचिन्ह दोन्ही उचलले. डोंगराला मोटारीचे नाव दिले असे प्रवाशांना वाटते. कालक्रम पाहता मोटार खरोखरच थोरली आहे.

हवामानही भरवशाचे नाही. मेनच्या आखाताचे पाणी भर उन्हाळ्यातही गार असते. जून-जुलैत दक्षिणेचा उबदार, दमट वारा त्यावर आला की धुके दाटते. नकाशाप्रमाणे माथ्यावरून फ्रेंचमन उपसागर आणि पॉर्क्युपाइन बेटे दिसतात. धुक्यात सोबतचा माणूस दिसला तरी पुष्कळ. एवढा ओलावा असूनही ऑक्टोबर १९४७ मध्ये, दीर्घ कोरड्या हवेनंतर, बेटावर वणवा पेटला आणि सुमारे ७० चौरस किलोमीटर जळाले. जळालेल्या स्प्रूसच्या जागी पुढे बर्च आणि अ‍ॅस्पेन उगवले.

पर्वताची सर्वांत मोठी कीर्ती म्हणजे मुख्य भूमीवरील अमेरिकेतला पहिला सूर्योदय. १९३१ साली माथ्यापर्यंत रस्ता झाल्यापासून तो मोटारीतून पाहता येतो. मेअखेर ते ऑक्टोबर या काळात गाडीमागे सहा डॉलर भरून आधी आरक्षण करावे लागते. जूनमध्ये पहाटे साडेतीनला रस्त्यावर दिव्यांची रांग लागते. माथ्यावर मंडळी हॉटेलातली ब्लँकेटे पांघरून, थर्मास मांडीत धरून पूर्वेकडे तोंड करून बसतात. सूर्य उगवला की टाळ्याही पडतात. मात्र पहिला मान या पर्वताकडे असतो तो ७ ऑक्टोबर ते ६ मार्च. उन्हाळ्यात तो उत्तरेच्या मार्स हिलकडे जातो आणि दिवस-रात्र समान असतात त्या सुमारास वेस्ट क्वॉडी हेडकडे. उरला हिवाळा. त्यात १ डिसेंबर ते १४ एप्रिल रस्ता बंद असतो.

हिशेब केला तर मोटारीने जाऊन देशातला पहिला सूर्योदय पाहण्यासाठी ७ ऑक्टोबर ते ३० नोव्हेंबर एवढेच दिवस उरतात, तेही आभाळ निरभ्र असेल तर. पायवाटांनी चढणाऱ्याला गाडीचे आरक्षण लागत नाही. जानेवारीत तळाला खिळे असलेले बूट घालून तो अंधारात निघाला, तर पहिला सूर्योदय त्याच्या हक्काचा. त्या थंडीत माथ्यावर जागेसाठी भांडायलाही कोणी नसते.