मा. रेडीरेकनर साहेबांस अनावृत पत्र

प्रति,
मा. रेडीरेकनर साहेब,
ऊर्फ वार्षिक बाजारमूल्य दर तक्ता, मुद्रांक विभाग.

विषय : आमच्या जमिनीची किंमत आम्हालाच समजावून दिल्याबद्दल आभार.

साहेब, सा. न. वि. वि.

आमची पावणेतीन एकर रस्त्यात गेली. तेव्हापासून पाहुणेरावळे आमच्याकडे लॉटरी लागल्यासारखे बघतात. कारण एकच, ‘चौपट’! 1894 च्या भूसंपादन कायद्यात बाजारभावावर 15 टक्के दिलासा होता, 1984 नंतर 30 झाला. 2013 च्या कायद्यानं तो थेट 100 टक्क्यांवर नेला आणि ग्रामीण भागाला 2 पर्यंतचा गुणक दिला. गुणक पुरा 2 धरला तर झाले चौपट. समृद्धी महामार्गाला थेट खरेदीनं जमीन देणाऱ्यांना तर पाचपट. सगळे पटच मोजतात. पट कशाची, हे कुणी विचारत नाही, कारण ते आपण आहात.

कोरडवाहू जमिनीचा आपला दर तिच्या आकारावर बसतो, म्हणजे इंग्रजांच्या काळी ठरलेल्या शेतसाऱ्यावर. आमच्या आजोबांनी बांध घातले, वडिलांनी विहीर पाडली, आम्ही ठिबक केलं. आपली नजर मात्र त्या जुन्या गोऱ्या साहेबाच्या वहीतून हलली नाही. 2023 आणि 2024 च्या एप्रिलमध्ये तर आपण जागचे हललाच नाहीत. शहरात फ्लॅट घेणाऱ्यांना दिलासा, असं पेपरात आलं. त्याच दिलाशानं इकडे आमचाही भाव गोठला, ते छापायला जागा उरली नसावी.

2013 चा कायदा म्हणतो, नुसतं रेडीरेकनरवर थांबू नका. गेल्या तीन वर्षांतली आसपासची खरेदीखतं घ्या, त्यातल्या चढ्या दराच्या निम्म्यांची सरासरी काढा, जास्त येईल ते धरा. उत्तम! पण आमच्याकडे जमीन विकतो कोण? दवाखान्यात अडकलेला, नाहीतर सोसायटीच्या थकबाकीत बुडालेला. शिवाय खतात किती लिहायचं ते घेणारा ठरवतो, आणि तो मुद्रांक वाचवायला आपल्याकडे बघूनच ठरवतो. म्हणजे फिरून आपणच. तरी आम्ही चांगल्या दराचं एक खत शोधून जोडलं. उत्तर आलं, ‘छोटं क्षेत्र, रस्त्याकाठचं, तुलनेला चालत नाही.’ कलम 26 चं चौथं स्पष्टीकरण तशी मुभा देतं : खऱ्या बाजारभावाचा वाटत नाही तो दर जिल्हाधिकाऱ्यांनी वगळावा. पडेल भावाचं खत कुणी तुलनेतून वगळल्याचं मात्र आमच्या ऐकिवात नाही.

संयुक्त मोजणीला मंडळी आली तेव्हा ऊन फार होतं. विहिरीवर थांबली, मोटर चालू करून हातपाय धुतले, बाटल्या भरल्या. मग विचारलं, ‘विहिरीची नोंद उताऱ्यावर आहे का?’ नव्हती. तलाठ्याकडे दोनदा अर्ज दिला होता, तो कुठल्या गठ्ठ्यात आहे देव जाणे. ‘मग विहीर नाही,’ असं म्हणून त्यांनी रकान्यात आडवी रेघ मारली आणि बाटल्या घेऊन निघाले.

विहीर तशी रस्त्याच्या पलीकडे राहिली आहे, शिल्लक जमीन अलीकडे. पाइपलाइन मधोमध तुटली. अशा तुकड्यांच्या नुकसानीचीही कायद्यात तरतूद आहे. आमच्या निवाड्यात त्या जागी शून्य आहे. दाद मागायला लवाद आहे म्हणतात. भांडण सरकारशी, लवादही सरकारनंच नेमलेला. तरी जाणार आहोत. पैसे ‘हरकत राखून’ उचललेत.

तर साहेब, एक अर्ज. आम्हाला चौपट नको. दिलासा नको, गुणकही नको. आपला दर खरा बाजारभाव आहे ना, मग त्या दरानं याच तालुक्यात, पाण्याखालची पावणेतीन एकर आम्हाला मिळवून द्या. विकणारा आपण शोधा. सौदा आपणच करा. मुद्रांक शुल्क आम्ही भरू, आपल्याच दरानं.

आपला,
एक बाधित खातेदार