‘नाही’ म्हणण्याचे पैसे

कल्याणहून निघून माळशेज चढणारा आणि नगर, परभणी, नांदेड करत पूर्वेकडे जाणारा एक महामार्ग आहे. त्याचा जुना क्रमांक 222, जुनं नाव कल्याण-निर्मल. महाराष्ट्रातली बहुतेक मंडळी या रस्त्याने माळशेजच्या धबधब्यापर्यंत जातात, भिजतात, भजी खातात आणि परत फिरतात. दुसऱ्या टोकाला तेलंगणात निर्मल नावाचं खरोखरचं गाव आहे, आणि तिथून पुढे चाळीसेक किलोमीटरवर जंगलात आणखी एक धबधबा आहे, याची कुणी चौकशीच करत नाही.

आमच्या मामांनी ती केली. महसूल खात्यातून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालेला माणूस. कुठल्याही गोष्टीची हद्द कायम झाल्याशिवाय त्यांना जेवण जात नाही. मग मामा, मामी, ताई, भाऊजी, त्यांचा चिरंजीव आणि मी असे आम्ही नांदेडहून भोकर, भैंसा करत निर्मलला येऊन मुक्काम ठोकला. सकाळी कुंताला धबधबा बघायचा, संध्याकाळी परत, असा बेत.

गाईड घ्यावा की नाही यावरून रात्री दोन तट पडले. भाऊजींचं म्हणणं, मोबाइलमध्ये नकाशा असताना माणूस कशाला? त्यांनी लगेच ‘कुंताला’ शोधून दाखवलं आणि नकाशाने आम्ही ज्या भैंशाकडून आलो त्याच बाजूला बोट दाखवलं. लॉजच्या काउंटरवरचा मुलगा म्हणाला, “साब, वो कुंताला अलग है.” कुंताला नावाचं एक मंडल, म्हणजे आपल्याकडचा तालुका म्हणा, निर्मल जिल्ह्यात आहे. धबधबा मात्र आदिलाबाद जिल्ह्याच्या नेरेडिगोंडा मंडलात. कुंतालाला जायचं म्हणून बसमध्ये बसलेला माणूस संध्याकाळपर्यंत धबधबा शोधत कापसाच्या शेतात फिरू शकतो. नकाशा खिशात गेला आणि गाईड ठरला.

सकाळी तो आला तेव्हा आम्ही मैसूर बज्जीच्या दुसऱ्या प्लेटवर होतो. मैदा आणि दह्याची ती टमटमीत गोल बज्जी शेंगदाण्याच्या चटणीत बुडवून खाताना माणूस वाटाघाटीला मऊ पडतो, हे त्याला ठाऊक असावं. पन्नाशीचा, सडपातळ, हातात पुरुषभर उंचीची काठी. इथे सगळे एकमेकांना ‘अन्ना’ म्हणतात, म्हणून आम्हीही त्याला अण्णा केलं. मामा हिंदीत सरसावले.

“देखो अण्णा, हम लोग सिधेसाधे माणूस है. जास्ती पैसा मत लगाव. वाजवी बोलो.”

“वाजवीच सांगतो की मामा,” अण्णा म्हणाला. “माझं घर भैंशाकडं. आमच्या घरात मराठीच बोलतेत.”

मामांची हिंदी जागच्या जागी निवृत्त झाली. तरीही त्यांनी शंभर रुपये कमी करून घेतले. अण्णाने ते सोडले आणि त्या बदल्यात तीन अटी घातल्या: पाण्यात उतरायचं नाही, माकडांसमोर डबा उघडायचा नाही आणि ‘अजून किती राहिलं’ असं विचारायचं नाही. “एवढ्या अटी तर जमिनीच्या खरेदीखतातही नसतात,” मामा पुटपुटले.

निर्मल सोडून आदिलाबादच्या दिशेला लागलं की महबूब घाट येतो. दोन्ही बाजूंनी सागाचं जंगल. मागे गेलं की कन्याकुमारी, पुढे गेलं की श्रीनगर, असा हा 44 क्रमांकाचा लांबलचक राष्ट्रीय महामार्ग. आम्हाला त्यातला तुकडाच हवा होता, पण तेवढ्यातही मामांनी वाद उकरून काढला. विषय धबधब्यांचा.

“तुमचा कुंताला असेल मोठा,” मामा म्हणाले, “पण आमच्या सहस्रकुंडाची सर नाही.”

“सहस्रकुंड कुठं आलं?” अण्णाने शांतपणे विचारलं.

“इस्लापूरजवळ. नांदेड जिल्हा.”

“1956 पर्यंत इस्लापूर बोथ तालुक्यात होतं, मामा. बोथ आदिलाबाद जिल्ह्यात. म्हणजे तुमचं सहस्रकुंड आमचं.”

गाडीत शांतता पसरली. मामांना हे ठाऊक नव्हतं असं नाही. परक्या माणसाने ते बोलावं याचा धक्का होता. राज्यांची पुनर्रचना झाली तेव्हा किनवट, राजुरा आणि इस्लापूर हा भाग आदिलाबादेतून इकडे आला आणि नांदेडकडचं मुधोळ, भैंसा, कुबेर तिकडे गेलं. मामांनी सावरून घेतलं. “पैनगंगेचा पलीकडचा काठ यवतमाळचा! तेव्हा फार तर अर्धं तुमचं. आणि भैंसा नांदेडात होतं, म्हणजे अण्णा, तुम्हीच आमचे!”

“मग आपल्या माणसाचे शंभर रुपये कशाला कापले?” अण्णा म्हणाला.

मामी इतक्या हसल्या की त्यांच्या मांडीवरचा धपाट्यांचा डबा घसरला.

पोचेराचा धबधबा वाटेत जवळच आहे. रुंद, बुटका, घरातल्या धाकट्या जावेसारखा: कामाला दांडगा आणि नावाला कुणी नाही. तिथे अर्ध्या तासात फोटो उरकले. नेरेडिगोंड्याहून आत वळल्यावर मात्र रस्ता खरा लांबचा वाटायला लागतो. वस्त्या विरळ, शेतात कापूस आणि सोयाबीन, मधूनच एखादा गोंड म्हातारा गुरं वळणारा, आणि मोबाइलची रेंज गेलेली. रेंज गेल्यावर भाऊजींनी प्रथमच खिडकीबाहेर पाहिलं.

कुंताला वरून दिसतो आणि खाली उतरून भेटतो. वर उभं राहिलं की झाडीतून पांढरे पट्टे आणि आवाज. खाली जायला चारशेच्या आसपास पायऱ्या. उतरताना चिरंजीव त्या मोजत निघाला. मामांनी पडताळणीसाठी वेगळ्या मोजल्या. तळाशी आल्यावर दोघांच्या आकड्यांत तफावत निघाली आणि मामा फेरमोजणीचं बोलू लागले.

आणि मग धबधबा समोर आला. कडेम नदी इथे सुमारे 45 मीटर खाली येते. तेलंगणातल्या सर्वांत उंच धबधब्यांत याचं नाव घेतात. सह्याद्रीतले धबधबे कड्यावरून थेट उडी टाकतात. हा तसा नाही. काळ्या खडकाच्या टप्प्यांवर आपटत, फुटत, पुन्हा एकत्र येत उतरतो. पावसाळा नुकताच ओसरला होता, पाण्याचा गढूळपणा गेला होता आणि जोर तसाच होता. तुषार चष्म्यावर बसत होते. मामांनी चष्मा पुसला, परत पाहिलं, आणि सहस्रकुंडाचा उल्लेख त्या दिवसापुरता बंद केला.

“नाव कशावरून पडलं?” ताईने विचारलं.

“शकुंतलेवरून. दुष्यंत अन् शकुंतला हितंच फिरायचे, असं सांगतेत. शंकराचं ठाणंबी हाय. सोमेश्वर. शिवरात्रीला मोठी जत्रा भरते.”

“मग ती अंगठी पाण्यात पडली ती इथेच का?”

“अंगठीचं माहीत नाही ताई. मोबाइल मात्र लई पडलेत.”

भाऊजींनी मोबाइल घट्ट धरला आणि त्याच वेळी चप्पल काढली. डोहाच्या काठी पाणी गुडघाभर, संथ आणि निळसर दिसत होतं. “अण्णा, इथे काठाला काय होतंय? नुसते पाय बुडवतो.” चिरंजीव पँट दुमडून तयारच होता. मामाही म्हणाले, “एवढे पैसे देऊन आलोय, पाय तरी ओले होऊ द्या.”

अण्णाने उत्तर दिलं नाही. भाऊजी जिथे पाय टाकणार होते, तिथून हातभर पुढे दोन शिळांच्या मधली जागा होती. वर शेवाळाचा हिरवा पातळ थर, त्यावर वाळलेलं सागाचं एक पान गोल फिरत होतं. अण्णाने त्याच जागी काठी घातली. काठी गेली. मूठभर उरली तेवढ्यात त्याने ती धरली. तळ लागला नव्हता आणि काठी हातात थरथरत होती. आत प्रवाह होता.

मग काठी बाहेर काढून त्याने भाऊजींच्या खांद्याला लावली. त्यांच्या डोक्यावर तिचं ओलं टोक वीतभर उरलं.

“वरून संथ दिसतंय. खडकाच्या खालून ओढतंय,” अण्णा म्हणाला. “पोहता येणारी पोरं गेलीत हितं. आधी सगळे म्हणतेत, काठाला काय होतंय.”

भाऊजींनी चप्पल घातली. मामांनी चिरंजीवाची दुमडलेली पँट स्वतः वाकून खाली केली. या चिरंजीवाने ऐकावं म्हणून घरात काय काय उपाय झालेत ते मी पाहिलेत. काठीच्या एका डुबकीत जे झालं ते त्यातल्या एकानेही झालं नव्हतं. पुढचा तासभर आम्ही कोरड्या शिळेवर बसून फक्त धबधबा पाहिला. इतका वेळ एकाच पाण्याकडे बघत बसायची मराठी पर्यटकाला सवय नसते. बसलं की जमतं.

परतीच्या चढावर तिसरी अट मोडली. ‘अजून किती राहिलं’ मामींनी विचारलं, ताईने विचारलं, मामांनी ते ‘एकूण किती, झाले किती, शिल्लक किती’ अशा तीन रकान्यांत विचारलं. अण्णा सगळ्यांना एकच सांगत होता, “झालंच की.” वर पोचलो तेव्हा कळलं की ते खोटं त्याच्या कामाचाच भाग आहे, खरा आकडा ऐकून मामी पहिल्याच वळणावर बसून राहिल्या असत्या.

दुसरी अटही मोडलीच. भूक लागली होती, सावली होती, मामींनी डबा उघडला. माकड कुठून आलं ते दिसलं नाही. धपाटं गेलेलं दिसलं. ठेचा मात्र त्याने वास घेऊन जागेवर ठेवला. “मराठवाड्याचा आहे म्हटलं!” मामी अभिमानाने म्हणाल्या. उरलेली धपाटी गाडीच्या काचा लावून खाल्ली, अण्णासकट.

जेवताना मामांच्या लक्षात आलं की 2016 च्या ऑक्टोबरमध्ये निर्मल वेगळा जिल्हा झाला, त्यामुळे हे पाणी पडतं आदिलाबाद जिल्ह्यात आणि खाली कडेमच्या धरणात अडतं ते निर्मल जिल्ह्यात. “पडायचं एकाकडे आणि साठायचं दुसऱ्याकडे!” असं म्हणून त्यांनी समाधानाने पाणी प्यायलं. हद्द कायम झाली होती.

संध्याकाळी निर्मलला खेळण्यांच्या दुकानात गेलो. इथली लाकडी खेळणी नावाजलेली. पोनिकीचं हलकं लाकूड कोरायचं, चिंचोक्याच्या खळीत भुसा कालवून सांधे बुजवायचे, मग रंग. नक्काश कारागिरांची ही पिढ्यान् पिढ्यांची कला. टोपलीत पेरू, वांगी, सीताफळं मांडली होती. मामींनी एक पेरू उचलला आणि मंडईतल्या हाताने दाबला.

“दाबू नका मामी,” अण्णा म्हणाला. “हा पिकत नाही.”

मामांनी हिशेब केला. ठरलेले पैसे दिले आणि कापलेले शंभर न बोलता वर ठेवले. वाटेत भाऊजी म्हणाले की माहिती तर इंटरनेटवरही होती. मामा म्हणाले, “माहिती होती. काठी नव्हती.”

कुंतालाला जायचं असेल तर पाऊस ओसरल्यावर जा. ऑक्टोबर ते डिसेंबर उत्तम. उन्हाळ्यात खडकच बघावा लागतो. नकाशावर नेरेडिगोंडा शोधा, नुसतं कुंताला नाही. तिथला माणूस बरोबर घ्या, घासाघीस करायचीच तर माळशेजच्या भजीवाल्याशी करा. आणि पाण्याच्या काठावर तो ‘नाही’ म्हणाला की ‘काठाला काय होतंय’ असं विचारू नका. पैसे त्या ‘नाही’चेच दिलेले असतात.