दामदुप्पट, हप्त्याहप्त्याने

लग्नाचा बस्ता बांधायला नंदुरबार-धुळ्याकडून सुरतेला येणारी मंडळी रिंग रोडच्या मार्केटात साडीमागे वीस रुपयांसाठी तीन दुकानं पालथी घालतात. पोत चोळून बघतात, पदर उलटा करतात, "भाऊ, होलसेलचा भाव बोला" म्हणून दुकानदाराला दरडावतात आणि उठून चालल्याचं नाटकही चोख वठवतात. यांतलीच काही घरं पुढे सुरतेची होतात. उधना, लिंबायत, डिंडोली, गोडादरा, पांडेसरा या भागांत खानदेश असा काही मुरलाय, की महापालिका मराठी शाळाही चालवते. मग एक दिवस ही मंडळी घर घ्यायला निघतात. जन्मातली सगळ्यात मोठी खरेदी! आणि तिथे मात्र घासाघीस नाही, उठून जाणं नाही. एकच प्रश्न: "हप्ता किती बसेल?"

बिल्डरच्या ऑफिसात बसलेला लोनवाला पोरगा याच प्रश्नाची वाट बघत असतो. "काका, फक्त एकवीस हजार सातशे. टेन्शन ना ल्यो."

काका टेन्शन घेत नाहीत. ते त्यांचा मुलगा घेईल, वीस वर्षांनी.

आता काकांनी न मांडलेला हिशेब आपण मांडू. घर ३० लाखांचं, कर्ज २५ लाखांचं, व्याज साडेआठ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता २१,६९६ रुपये, तो २४० वेळा. बेरीज ५२ लाख ७ हजार. म्हणजे बँकेकडून २५ लाख आणले आणि ५२ लाख परत केले. पदरचे ५ लाख यात धरलेले नाहीत. गुजरातची ४.९ टक्के स्टॅम्प ड्यूटी म्हणजे आणखी १ लाख ४७ हजार आणि एक टक्का नोंदणी फी म्हणजे ३० हजार. हे पैसे बँक धरत नाही, ते खिशातूनच जातात. (दस्त फक्त बाईच्या नावावर केला तर गुजरातेत नोंदणी फी माफ आहे. पण एवढ्या ३० हजारांसाठी घर बायकोच्या नावावर करायचं, हे पुष्कळ कर्त्या पुरुषांना महाग वाटतं.) एकूण काय, पाटीवर ३० लाख लिहिलेलं घर हातात पडेपर्यंत ५९ लाखांना जातं. मेंटेनन्स डिपॉझिट आणि वास्तूचं जेवण वेगळं.

यात लबाडी कुठेच नाही, हीच खरी गंमत आहे. सगळं गणित आहे. शाळेत चक्रवाढ व्याजाचा धडा आपण ऑप्शनला टाकला होता, तो आता कंपल्सरी आलाय.

पहिल्या हप्त्याचीच फोड बघा. २१,६९६ पैकी १७,७०८ रुपये व्याज, मुद्दलात जमा ३,९८८. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरा. १३ लाख भरून झालेले असतात. मोठ्या अभिमानाने स्टेटमेंट उघडा. बाकी: २२ लाख ३ हजार. निम्मं मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षं लागतात. पहिली काही वर्षं तुम्ही घर विकत घेत नसता, बँकेला भाडं देत असता. फरक इतकाच की नळ गळला तर घरमालक तुम्ही.

हप्ता जड वाटतोय? त्यावरही पोऱ्याकडे उतारा आहे. "काका, तीस वर्षं करून टाकू." हप्ता २१,६९६ वरून १९,२२३ वर येतो. महिन्याला अडीच हजार वाचले म्हणून काका खूश. एकूण फेड मात्र ५२ लाखांवरून ६९ लाख २० हजारांवर गेली. महिन्याला अडीच हजारांची सवलत, किंमत १७ लाख! साडीत वीस रुपये सोडवून घेणाऱ्या माणसाने एका सहीत सतरा लाख सोडले, आणि वर पोऱ्याला चहा पाजला.

सुरतेला व्याजाचं कौतुक नवं नाही. सतराव्या शतकात इथला वीरजी वोरा खुद्द ईस्ट इंडिया कंपनीला कर्जं द्यायचा. १६६४ साली शिवाजी महाराजांनी सुरत लुटली त्यात त्याचाही वाडा गेला. तरी वोरा पुन्हा उभा राहिला. लूट आठवड्याच्या आत उरकते, व्याज उरकत नाही.

जुन्या हिंदू कायद्यात यावर दामदुपटीचा नियम होता. थकलेलं व्याज एका वेळी मुद्दलाहून जास्त मागायचं नाही. मुंबई इलाख्यात, म्हणजे खानदेशात आणि सुरतेतही, कोर्टं तो मानत असत. पण काकांना त्याचा काडीचा उपयोग नाही. नियम थकलेल्या व्याजापुरता होता. इमानदारीने महिन्याच्या महिन्याला व्याज भरणाऱ्याचं दुपटीने गेलं काय, तिपटीने गेलं काय, त्याची मोजदाद नाही. शिवाय बँकिंग नियमन कायद्याचं कलम २१-अ सांगतं, की बँकेने लावलेला दर जास्त आहे एवढ्या कारणावरून कोर्टाने हिशेब पुन्हा उघडायचा नाही. सावकाराच्या वहीत डोकावायला कोर्ट तयार होतं. बँकेच्या वहीला कुलूप आहे, आणि किल्लीही बँकेकडेच.

हे सगळं साडेआठ टक्क्यांचं, म्हणजे पगाराची स्लिप असणाऱ्यांचं. सुरतेत स्लिप कुणाकडे? लूमवर मीटरने मजुरी, हिऱ्याच्या घंटीवर नगाने, मार्केटात रोजाने. कमाई आहे, कागद नाही. मग मोठी बँक दारातूनच परत पाठवते आणि हाउसिंग फायनान्स कंपनी हसून खुर्ची देते. त्या हसण्याचा दर १२ टक्के धरा. १५ लाखांचे २० वर्षांत ३९ लाख ६४ हजार. दुप्पट नव्हे, अडीचपटीच्याही वर. ज्याची कमाई कच्ची त्याला पैसा महाग, हा व्यवहार झाला. गरिबी स्वस्तात परवडत नाही, एवढंच यातून कळतं.

त्यातून दस्तावेजात दाखवायची रक्कम आणि रोख द्यायची रक्कम वेगळी असली की मजा आणखी वाढते. रोखीवर बँक कर्ज देत नाही. ते गल्लीतले 'व्याजवाले' देतात, महिन्याला तीन टक्क्यांनी. महिन्याचे तीन म्हणजे वर्षाचे छत्तीस, हे सांगायला कॅल्क्युलेटर लागत नाही, पण घराची घाई झालेल्या माणसाला बारा त्रिक छत्तीस आठवत नाही. २०२३ च्या जानेवारीत गुजरात पोलिसांनी व्याजखोरांविरुद्ध राज्यभर मोहीम काढली होती. मोहीम संपते. गरज संपत नाही.

आता 'फ्लोटिंग', म्हणजे बदलता दर. रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो रेपो दर मे २०२० पासून चार टक्के होता. २०२१ साली घरकर्जं पावणेसात टक्क्यांनी मिळत होती आणि पेपरात पानभर जाहिराती होत्या: 'आत्ताच घ्या.' लोकांनी आत्ताच घेतलं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रिझर्व्ह बँकेने रेपो अडीच टक्क्यांनी वाढवला. २५ लाखांवर १९,००९ रुपये हप्ता भरणाऱ्याचं काय झालं? हप्ता तेवढाच राहिला, म्हणून तो निर्धास्त. दोन वर्षं भरल्यावर दर सव्वानऊ झाला असं धरा. उरलेली अठरा वर्षं वाढून साडेपस्तीस झाली! पस्तिसाव्या वर्षी कर्ज काढलेला माणूस बहात्तराव्या वर्षापर्यंत हप्ते भरणार. हप्ता वाढला असता तर ओरडला असता. आयुष्य वाढवलं, म्हणून गप्प बसला.

या प्रकाराचा बोभाटा झाला तेव्हा १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने फर्मान काढलं. दर बदलला की कर्जदाराला कळवा. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे त्याला निवडू द्या. स्थिर दराकडे जायची मुभा द्या (ही सक्ती २०२५ मध्ये ऐच्छिक झाली). आणि हप्त्यातून व्याजही सुटत नाही, कर्ज उलट वाढत चाललंय, अशी वेळ येऊ देऊ नका. फर्मान चांगलंच आहे. फक्त निवडायचा हक्क मिळतो तो एसेमेसवर, इंग्रजीत, ओटीपी आणि साडीच्या सेलच्या मेसेजमध्ये.

२०२५ मध्ये रेपो सव्वा टक्का उतरला. बँकेचं फ्लोटिंग कर्ज २०१९ च्या ऑक्टोबरपासून रेपोसारख्या बाहेरच्या दराशी बांधलेलं आहे, त्यामुळे तिथे उतार तीन महिन्यांच्या आत पोचावा लागतो. हाउसिंग फायनान्स कंपनीला ते बंधन नाही. तिचा दर तिच्या सवडीने उतरतो. म्हणजे ज्याला दिलाशाची गरज जास्त, त्याच्यापर्यंत दिलासा पायी चालत येतो.

"पण टॅक्स वाचतो ना!" हे वाक्य घरकर्जाच्या सत्यनारायणातला प्रसाद आहे, सगळ्यांना वाटतात. जुन्या पद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट आहे. वीस टक्क्यांच्या पट्टीत बसणाऱ्याचे त्यातून चाळीस हजार वाचतात, दोन लाख घालवल्यावर. नव्या पद्धतीत राहत्या घराला ही वजावट नाहीच, आणि आता ठरलेली पद्धत नवीच आहे. ज्याला मुळात टॅक्स लागत नाही तो लूमवाला कारागीरसुद्धा टॅक्स वाचवायला घर घेतो. देशभक्ती म्हणायची ती हीच.

पुढची चापटी विम्याची. "काका, हा विमा कंपल्सरी आहे." असा कुठलाही नियम रिझर्व्ह बँकेने केलेला नाही. तरी ७५ हजारांचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवतात, म्हणजे खिशाला कळत नाही. साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत त्या ७५ हजारांचे १ लाख ५६ हजार होतात. विमा घ्यावा, जरूर घ्यावा. बाहेरून, भाव विचारून, रोकडा.

कुणी म्हणेल, महागाई धरा की. वीस वर्षांनंतरचे २१ हजार आजच्यासारखे थोडेच असतील? बरोबर आहे. ज्याची कमाई महागाईबरोबर चढते त्याला शेवटचे हप्ते सुपारीएवढे वाटतील. प्रश्न सुरतेतल्या कमाईचा आहे, ती चढते तशी बसतेही. २०२३ मध्ये मागणी इतकी पडली की हिरे उद्योगाच्या संघटनांनीच दोन महिने कच्चा माल आणू नका असं सांगितलं. घंट्या थंडावल्या. व्याजाला मात्र मंदी नसते. हप्ता नव्वद दिवसांपेक्षा जास्त थकला की खातं बुडीत धरायचं, मग सरफेसी कायद्याखाली साठ दिवसांची नोटीस, मग घराचा ताबा. महागाई वीस वर्षांनी मदतीला येणार असते, नोटीस पाचव्या महिन्यात येते.

याच शहरात २०१६ च्या दिवाळीत हिरे व्यापारी सावजी ढोलकियांनी आपल्या कारागिरांना ४०० फ्लॅट आणि १,२६० मोटारी जाहीर केल्या. देशभर बातमी झाली. उरलेल्या लाखो कारागिरांच्या हप्त्याची बातमी होत नाही. नोटीस छापून येते, आतल्या पानावर, बारीक टायपात.

मग घर घ्यायचंच नाही का? घ्या की. भाड्याच्या खोलीत दर अकरा महिन्यांनी बोचकी बांधण्यापेक्षा आपलं छप्पर बरं. फक्त सही करण्याआधी तीन कामं करा. एक, त्याच सोसायटीत भाडं किती चाललंय ते वॉचमनला विचारा. तो विकत काहीच नसल्याने खरं सांगतो. दोन, 'की फॅक्ट स्टेटमेंट' मागा. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक घरकर्जाला ते द्यावंच लागतं. त्यात व्याज, फी, विमा, वकील सगळं धरून वर्षाचा खरा दर छापलेला असतो. पोऱ्याचं बोट हप्त्यावर असेल, तुम्ही त्या आकड्यावर ठेवा. तीन, वर्षाला एक हप्ता जादा भरा. दिवाळीला बोनस आला तर तोच. २० वर्षांचं कर्ज सतराच्या आत संपतं, पाच लाखांवर व्याज वाचतं. फ्लोटिंग घरकर्ज मुदतीआधी फेडलं म्हणून दंड लावायला माणसांच्या बाबतीत बंदी आहे, त्यामुळे कुणी काही बोलू शकत नाही. फोन येईल तेवढा, "काका, टॉप-अप लोन पाहिजे का?"

आणि शेवटचा हप्ता भरलात की तारीख भिंतीवर लिहून ठेवा. १ डिसेंबर २०२३ पासूनचा नियम आहे: पूर्ण फेड झाल्यावर तीस दिवसांत घराचे मूळ कागद परत द्यायचे. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर कर्जदाराला दिवसाला पाच हजार रुपये. वीस वर्षांच्या या व्यवहारात मीटर तुमच्या बाजूने पळायची संधी एवढी एकच. एकतिसाव्या दिवशी सकाळी अंघोळ करून बँकेत जा, आणि "काका, उद्या या" असं कुणी म्हणालं, तर अजिबात भांडू नका.