भिंत वाजवून बघणारे दादा

दादा कुणाच्याही घरी गेले की चहा यायच्या आत भिंतीवर बोटानं टकटक करून बघतात. आवाज भरीव आला की चेहरा पडतो. “खरीच आहे,” असं पुटपुटत ते बसून घेतात. प्लायच्या फ्लॅटवर पीओपी थापून ज्यानं आयुष्यभर वाडे, चाळी, कोर्टं आणि एक अख्खं रेल्वे स्टेशन उभं केलं, त्याला विटांची भिंत म्हणजे निव्वळ उधळपट्टी वाटते.

जे. जे.मधून बाहेर पडले तेव्हा त्यांना चित्रं काढायची होती. उमेदवारीची वर्षं मात्र चोर बाजारात डायलचे फोन आणि गंजकी कुलपं हुडकण्यात गेली. आधी असिस्टंट, मग कलादिग्दर्शक आणि आता प्रॉडक्शन डिझायनर. बढती एवढीच, की पूर्वी सेट कोसळला तर शिव्या बसत, आता नायिकेची साडी पडद्याच्या रंगात हरवली तरी बसतात. दादांचं दैवत फत्तेलाल. प्रभातचे सेट उभारणाऱ्या या माणसानं 1936 साली दामल्यांच्या जोडीनं ‘संत तुकाराम’ दिग्दर्शित केला, हे दादा प्रत्येक दिग्दर्शकाला ऐकवतात. विशेषतः त्यानं तयार सेटची खिडकी हलवायला सांगितली की.

नव्याचं जुनं करण्यात दादांचा हात धरणारा कुणी नाही. 1975 सालची चाळीतली खोली करायची, तर आधी भिंतीला कोरा रंग. त्यावर काळपट पाण्याचा हात, तो वाळायच्या आत फडक्यानं पुसायचा. कोपरे पॉलिश पेपरनं घासायचे. मग सगळ्यांना बाजूला सारून दादा स्वतः स्विचबोर्डापाशी जातात आणि बोटांचे मळकट डाग उमटवतात. बटणांभोवती गडद, कडेला फिके. एकदा त्यांनी बोर्डाच्या बऱ्याच खाली आणखी एक पुसट पट्टा ओढला.

“हे कुणाचे?” असिस्टंटनं विचारलं.

“धाकट्याचे. त्याचा हात पोचत नाही ना बटणापर्यंत.”

“दादा, पटकथेत धाकटा नाहीये.”

“लेखकाला माहीत नसेल.”

पुढे त्या भिंतीसमोर नायक उभा राहिला आणि कॅमेरामननं मागचं सगळं धूसर करून टाकलं. धाकटा गेला तो गेलाच.

निर्मात्याचं दुःख वेगळं. सिनेमात एकदाही न उघडणाऱ्या कपाटात जुनी वर्तमानपत्रं कशाला अंथरली, असं तो बिल हातात धरून विचारतो. मग दादा प्रॉडक्शन डिझायनर केन अ‍ॅडमना साक्षीला बोलावतात. त्यांचा 1964 सालचा ‘डॉ. स्ट्रेंजलव्ह’ कृष्णधवल. तरी युद्धाच्या खोलीतल्या त्या अवाढव्य टेबलावर हिरवं कापड घातलं होतं. का, तर जगाचा डाव मांडून पत्ते पिसतोय असं नटांना वाटावं, ही दिग्दर्शक कुब्रिकची इच्छा. निर्माता सगळं शांतपणे ऐकून घेतो आणि विचारतो, “काळं कापड स्वस्त पडलं असतं का?”

घरीही तीच तऱ्हा. वहिनींचं तांब्याचं घंगाळ आजवर तीन सिनेमांत झळकलंय. शूटिंग असलं की घरच्यांच्या आंघोळी प्लास्टिकच्या बादलीतून.

‘अपराजितो’ सिनेमासाठी कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्तांनी काशीच्या घराचं अंगण कोलकात्याच्या स्टुडिओत उभं केलं आणि प्रेक्षकांनी ते काशीतलंच धरलं. काम केल्याचा संशयसुद्धा येऊ नये, हीच दादांच्या मते खरी शाबासकी. या हिशेबानं दादा भलतेच यशस्वी. प्रीमियरला लोक त्यांचा हात हातात घेऊन म्हणतात, “लोकेशन झकास शोधलंत हं!”

यंदा सोसायटीनं जिना आणि पोर्च रंगवून घ्यायचं काम मोठ्या विश्वासानं त्यांच्यावर सोपवलं. “सिनेमातला माणूस, नजर आहे,” असं सेक्रेटरी म्हणाले. दादांनी सुट्टी टाकून जातीनं लक्ष घातलं. पंधरवड्यात वॉर्ड ऑफिसचा माणूस आला, पोर्चमध्ये मान वर करून उभा राहिला आणि इमारत धोकादायक असल्याची नोटीस डकवून गेला.

तातडीची मीटिंग बसली. सेक्रेटरींचा आवाज चढला, तळमजल्यावरच्या काकू तर रडकुंडीलाच आल्या. दादांना आयुष्यात पहिल्यांदाच असा रोखठोक अभिप्राय मिळाला होता. ते नोटिशीजवळ गेले, डोळे बारीक करून बघत राहिले आणि म्हणाले, “कागद फार पांढरा आहे. कुणीतरी जरा कोरा चहा आणा.”