वस्तू मिळेल, इतिहासासकट

आमच्या सोसायटीतल्या काकांकडे वस्तू मागू नये. मिळते, पण तिचं चरित्र ऐकून झाल्यावर.

परवा एका लग्नात नवरीची मावशी सुटलेला पदर हाताने धरून पिन शोधत होती. काकांनी खिशातून पिन काढली आणि उजेडात धरली. “वॉल्टर हंट. न्यूयॉर्क, १८४९. डोक्यावर १५ डॉलरचं कर्ज, म्हणून तारेशी चाळा करत बसला आणि ही सुचली. पेटंट विकून टाकलं ४०० डॉलरला!”

“अहो, द्या ना.”

“थांबा, खरी गंमत या वेटोळ्यात आहे. ही स्प्रिंग. दांडीला सारखी बाहेर ढकलते, म्हणून ती टोपणात घट्ट बसते. तशा पिना रोमन लोकांच्या झग्यांनाही असायच्या...”

ते रोममध्ये असतानाच मंगलाष्टकं सुरू झाली. मावशीने पदर खोचला आणि अक्षता टाकल्या.

लोक त्यांना शिष्ट म्हणतात. मला पटत नाही. शिष्ट माणूस स्वतःबद्दल बोलतो. काकांना स्वतःच्या लग्नाचं सालसुद्धा काकूंना विचारावं लागतं.

काकूंनी त्यांना स्वयंपाकघरात बंदी केली आहे. त्याला कारण घडलं. “तीन शिट्ट्या झाल्या की गॅस बंद करा,” एवढंच सांगून त्या भाजीला गेल्या, आणि नेमका मी तिथे टपकलो. पहिल्या शिट्टीला देनी पापां या फ्रेंच माणसाने १६७९ मध्ये असाच झाकणबंद हंडा केल्याचं कळलं. दुसरीला, वाफ कोंडली की पाणी शंभरऐवजी १२० अंशांच्या आसपास उकळतं, म्हणून डाळ झटपट शिजते, हे. तिसरीला काकांचा हात गॅसकडे निघाला खरा, पण वाटेत महाबळेश्वर लागलं. तिथे हवेचा दाब कमी, पाणी चारेक अंश आधीच उकळतं, उघड्या पातेल्यात बटाटे शिजता शिजत नाहीत. पुढच्या शिट्ट्या कुणी मोजल्या नाहीत. आम्ही सेफ्टी व्हॉल्व्हवर होतो. तोही पापांचाच.

काकू आल्या तेव्हा करपल्याचा वास जिन्यापर्यंत गेला होता.

“अगं,” काका उत्साहाने म्हणाले, “१६८२ मध्ये पापांने रॉयल सोसायटीच्या मंडळींना यातलं जेवायला घातलं होतं. हाडंसुद्धा मऊ!”

काकूंनी झाकण काढून खिचडीकडे पाहिलं.

“बोलवा त्या मंडळींना,” त्या म्हणाल्या. “कुकर घासायचाय.”