झगा शिवला कुणी?

जपानी कार्टूनमधली जादूची पोरगी कांडी उंचावते, एक गिरकी घेते आणि शाळेच्या गणवेशाचा झालरीचा झगा होतो. १९९२च्या ‘सेलर मून’ने ही गिरकी जगभर नेली. सुरतेच्या नवागामात मात्र तिची पंचाईत होते. इथे धुळे-नंदुरबार-जळगावकडून आलेल्या घरांमध्ये दुपारी बायांच्या मांडीवर साड्यांचा ढीग असतो. लेस लावायची, खडे चिकटवायचे, नगावर पैसे. लेक मोबाईलवर जादू बघते आणि आई झालर बघते. एवढी झालर, तीही बिनमजुरीची?

खरं तर मजुरी वाचवायलाच ती गिरकी आहे. एकदा चितारायची आणि भागामागून भागात तीच चालवायची. जादू निर्मात्याच्या हिशेबाची.

‘क्लॅम्प’ या चौघी चित्रकर्तींना हे खटकलं असावं. त्यांच्या ‘कार्डकॅप्टर साकुरा’त नायिकेचा झगा आपोआप येत नाही. तोमोयो नावाची मैत्रीण दरवेळी नवा शिवते, वर हौसेने चित्रीकरणही करते. शिवणारणीला नाव मिळालं, हेच मला त्या मालिकेतलं सगळ्यात धीट वाटतं.

आपल्या धुळे-जळगावकडे नागपंचमीनंतरच्या रविवारी कानबाई बसते. नारळाला डोळे, नाक, नथ, मग साडी-दागिने, आणि देवी उभी राहते. यात गिरकी नाही. नथ वाकडी की सरळ यावर जावा-नणंदांची चर्चा मात्र भरपूर. मागच्या वर्षीचं चित्रीकरण लावून इथे भागत नाही.

२०११च्या ‘मादोका माजिका’ने जादूच्या पोरींचा सगळा प्रकारच उलटा केला म्हणतात. क्यूबे नावाचं मांजरासारखं पांढरं जनावर पोरींना सांगतं, एक इच्छा मागा आणि जादूची मुलगी व्हा. जीव काढून मण्यात ठेवला जाईल, आणि ज्या चेटकिणींशी लढायचं त्याच शेवटी तुम्ही व्हाल, हे मात्र कुणी विचारल्याशिवाय ते सांगत नाही. प्रेक्षक हादरले. मालिका उत्तमच आहे, पण अटी मागाहून कळण्याचं एवढं नवल नवागामात कुणाला वाटेल? क्यूबे इथल्या ओट्यावर आलं, तर इच्छा राहील बाजूला. चष्मा कपाळावर चढवून एखादी मावशी आधी विचारेल, “एक चेटकीनना कितला? आनि दोरा तुमना का आमना?”